पिक्चरआधीची वीस मिनिटं

पाळी सुटल्यावर कासारवाडीहून लोकल धरून पुण्याला पिक्चर बघायला जाणाऱ्या कामगाराला हिशेब पाठ असे. सहाचा खेळ म्हणजे खरा पिक्चर सव्वासहाच्या पुढे. आधी सरकारी डॉक्युमेंट्री: धरण, पूर, मंत्र्यांच्या हस्ते उद्घाटन. तेवढ्यात बाहेर एक विडी होई.

प्रत्येक खेळाआधी सरकारी फिल्म दाखवण्याच्या सक्तीचा जन्म दुसऱ्या महायुद्धातला. 1940मध्ये इंग्रज सरकारने मुंबईत फिल्म ॲडव्हायझरी बोर्ड काढलं, प्रभात फिल्म कंपनीचे दिग्दर्शक व्ही. शांतारामही काही काळ त्याचे प्रमुख निर्माते होते. 1943मध्ये त्याच्या जागी ‘इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया’ आली आणि भारत संरक्षण नियमांखाली हुकूम निघाला: प्रत्येक खेळात सरकारमान्य 2000 फूट फिल्म दाखवायचीच. म्हणजे सुमारे बावीस मिनिटं. कासारवाडीच्या दोन स्टेशनं पलीकडे खडकीत बनणारा दारूगोळा जसा युद्धाचं सामान, तसाच हा फिल्मचा डबा.

त्याच काळात प्राग सोडून आलेला यिर्झी वाइस हा चेक दिग्दर्शक लंडनमध्ये ब्रिटिशांच्या सरकारी क्राउन फिल्म युनिटसाठी माहितीपट करत होता. त्याचा देश नाझींनी गिळलेला. त्याच्यासाठी प्रचार आणि मुक्ती एकाच वाटेवर होत्या. आपल्याकडे मात्र पडद्यावर लोकशाहीच्या रक्षणाच्या गप्पा मारणाऱ्या सरकारने 1942पासून काँग्रेसचे नेते तुरुंगात डांबले होते. त्यामुळे 1946मध्ये मध्यवर्ती विधिमंडळाने ‘इन्फर्मेशन फिल्म्स’चा पैसाच तोडला, हे समजण्यासारखं आहे. परिणाम असा, की 15 ऑगस्ट 1947 टिपायला सरकारकडे स्वतःचं चित्रपथकच उरलं नव्हतं.

राग फार टिकला नाही. 1948मध्ये स्वतंत्र भारताच्या सरकारचं फिल्म्स डिव्हिजन उभं राहिलं आणि इंग्रजांची सक्ती थिएटरच्या परवान्यातली अट होऊन परतली. वर थिएटरवाल्याने उत्पन्नाचा एक टक्क्यापर्यंत हिस्सा भाडं म्हणून भरायचा! या सक्तीच्या छायेत चांगलं कामही झालं. एम. एफ. हुसेन यांचा राजस्थानवरचा लघुपट 1967मध्ये बर्लिनला गौरवला गेला. पण ‘इंडिया 67’ हा माहितीपट करणाऱ्या दिग्दर्शक सुखदेवनेच आणीबाणीची भलामण करणारा ‘थंडर ऑफ फ्रीडम’ही केला, हे विसरता येत नाही.

थिएटरवाले अखेर कोर्टात गेले. 1999मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सक्ती वैध ठरवली. प्रेक्षकाला माहिती मिळाली तर अभिव्यक्तिस्वातंत्र्याला बळच मिळतं, असा त्यामागचा युक्तिवाद. 1943च्या गोऱ्या अधिकाऱ्यालाही तो मनापासून पटला असता.