‘डिमर’ आणि तंजावरचा राजवाडा

हरकत घेणे ही एकच क्रिया. परंतु तिच्याकडे प्रत्येक भाषेने आपापल्या नजरेने पाहिले आहे. आपला ‘आक्षेप’ म्हणजे मुळात फेकणे, आणि इंग्रजी ‘ऑब्जेक्ट’ या क्रियापदाच्या पोटातला लॅटिन धातूही फेकण्याचाच. ‘तक्रार’ हा अरबी शब्द. त्याचा मूळ अर्थ पुनरावृत्ती. ज्यांच्या टेबलावर एकाच गृहस्थाचे अर्ज वर्षानुवर्षे येत असतात, त्यांना या व्युत्पत्तीचा पुरावा मागावा लागणार नाही! ‘हरकत’ ही तर अरबीत नुसती हालचाल. तेव्हा ‘हरकत नाही’ असा शेरा मारणारा अधिकारी मुळाबरहुकूम ‘हालचाल नाही’ असेच लिहीत असतो.

याच्या अगदी उलट स्वभावाचे एक क्रियापद इंग्रजीत आहे. ते म्हणजे ‘डिमर’. लॅटिनमध्ये ‘मोरा’ म्हणजे विलंब. त्यापासून खोळंबणे या अर्थाचे क्रियापद झाले, ते फ्रेंचमधून इंग्रजीत आले, आणि आरंभी तेथेही त्याचा अर्थ थांबणे, रेंगाळणे एवढाच होता. रेल्वेचा डबा मुदतीत रिकामा केला नाही म्हणजे जे ‘डेमरेज’ भरावे लागते ते याच शब्दाचे भावंड, आणि कर्जफेडीला मिळणारे ‘मोरेटोरियम’ हे त्याच कुळातले. कां-कू करणे, नापसंती दर्शविणे हा अर्थ मागाहून आला.

मधला दुवा न्यायालयाचा आहे. इंग्लंडच्या जुन्या न्यायपद्धतीत प्रतिवादीला एक विलक्षण पवित्रा घेता येई. वादीने सांगितलेली हकीकत क्षणभर खरी धरू. पण ती खरी असली तरी कायद्याने तिला उत्तर देण्याचे आम्हांला कारण नाही. एवढे म्हणून प्रतिवादी तेथेच थांबे आणि न्यायाधीशांच्या निर्णयाची वाट पाही. हाच ‘डिमरर’. इंग्लंडच्या दिवाणी न्यायालयांतून तो १८८३ साली गेला. आपल्याकडे १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील सातव्या आदेशाच्या अकराव्या नियमात त्याचा अंश उरला आहे. ‘खरे असले तरी’ हे तीन शब्द म्हणजे त्या पवित्र्याचा सगळा प्राण.

त्या तीन शब्दांनी काय होऊ शकते, हे पाहण्यास आम्हां पापनाशमकरांना लांब जावे लागत नाही. १७९९ च्या तहाने सरफोजीराजांनी तंजावरच्या मुलखाचा कारभार कंपनीच्या हवाली केला. पापनाशमची भातखाचरे त्यातच गेली. राजाकडे किल्ला, भोवतालचा थोडा प्रदेश, सालिना एक लाख होन आणि निव्वळ महसुलाचा पाचवा हिस्सा एवढे राहिले. त्यांचे पुत्र शिवाजीराजे २९ ऑक्टोबर १८५५ रोजी पुत्रावाचून वारले. कंपनीने राज्य संपले असे ठरविले आणि ऑक्टोबर १८५६ मध्ये फोर्ब्ज या अधिकाऱ्याने लष्कर घेऊन राजवाडा व त्यातील चीजवस्तू ताब्यात घेतली. राज्याबरोबर राजाची खाजगी मालमत्ताही गेली.

थोरल्या राणीसाहेब कामाक्षीबाई यांनी मद्रासच्या सुप्रीम कोर्टात दावा लावला. (इंग्रजी निवाड्यांच्या ग्रंथात त्यांचे नाव ‘कामाची बोये साहबा’ असे छापले आहे. तंजावरच्या राणीचे नाव नीट लिहून घेण्याचीही कोणाला गरज वाटली नाही.) राज्य गेले ते गेले, पण नवऱ्याची खाजगी दौलत हिंदू धर्मशास्त्राप्रमाणे विधवेची, असे त्यांचे म्हणणे. मद्रासच्या न्यायाधीशांना ते पटले व निकाल राणीसाहेबांच्या बाजूने झाला. कंपनीच्या बचावाचे वळण मात्र ‘डिमर’च्या जातीचे होते: ही जप्ती एका सार्वभौम सत्तेने केलेले राजकीय कृत्य आहे, ते योग्य की अयोग्य, हे पाहण्याचा अधिकार न्यायालयाला नाही.

अपील लंडनला प्रिव्ही कौन्सिलपुढे गेले. दरम्यान कंपनीचा कारभारच आटोपला आणि भारतमंत्री अपीलकर्ते झाले. १८५९ साली लॉर्ड किंग्जडाउन यांनी निवाडा दिला. कृत्य न्याय्य होते की अन्याय्य, यात आम्ही शिरू शकत नाही. अन्याय झाला असे धरले तरी त्यावरचा इलाज कोणत्याही दिवाणी न्यायालयाजवळ नाही, असा त्याचा मथितार्थ. मद्रासचा निकाल रद्द झाला.

आम्हांला या निवाड्यात खुपते ते याचे की, राणीसाहेब खोट्या ठरल्या नाहीत. खोटे ठरणाऱ्याला निदान आपले म्हणणे तपासले गेले एवढे तरी समाधान असते. येथे जप्ती बरोबर होती असेही कोणी म्हटले नाही. प्रश्नच उंबऱ्यावर थांबविला गेला. हा निवाडा पुढे नजीर झाला. स्वातंत्र्यानंतर विलीन संस्थानांच्या खटल्यांत आपल्या सर्वोच्च न्यायालयालाही त्याचा विचार करावा लागला.

१८६२ साली सरकारने ती खाजगी मालमत्ता राण्यांना परत दिली. हक्क म्हणून नव्हे, मेहेरबानी म्हणून.