अरबी समुद्रातली चक्रीवादळं का वाढताहेत? जोयडा तालुक्याने काय लक्षात ठेवावं

जोयडा : तालुक्याला समुद्रकिनारा नाही, त्यामुळे चक्रीवादळ म्हटलं की ते कारवार-अंकोल्याच्या मच्छीमारांचं संकट, अशी घाटावर समजूत आहे. मात्र पावसाळ्यात इथे येणारे ढग अरबी समुद्रावरूनच येतात. त्यामुळे हा समुद्र तापला की त्याची झळ घाटावरच्या भातशेतीलाही बसते.

चक्रीवादळ कसं तयार होतं?

समुद्राच्या पृष्ठभागाचं तापमान साधारण २६.५ अंश सेल्सिअसच्या वर गेलं की पाण्याची वाफ जोराने वर चढते. वर गेल्यावर तिचे ढग बनताना उष्णता बाहेर पडते, खालचा हवेचा दाब आणखी घटतो आणि आजूबाजूचा वारा त्या पट्ट्याकडे गरगरत ओढला जातो. हा वारा ताशी ६२ किलोमीटरवर पोचला की भारतीय हवामान खातं त्याला चक्रीवादळ म्हणतं आणि नाव देतं. ताशी २२२ किलोमीटर किंवा त्याहून जास्त वेग असेल तर ते महाचक्रीवादळ. अटलांटिकमध्ये ज्याला हरिकेन आणि पॅसिफिकच्या पश्चिम भागात टायफून म्हणतात, ते हेच.

जुलै-ऑगस्टमध्ये समुद्रावर ढग दाटलेले असूनही अरबी समुद्रात सहसा चक्रीवादळ होत नाही. त्या काळात खालचा वारा पश्चिमेकडून आणि उंचावरचा पूर्वेकडून वाहतो, त्यामुळे वादळाचा खांब उभाच राहत नाही. म्हणून धोक्याचे हंगाम दोन : पावसाळ्याआधी एप्रिल ते जून आणि पावसाळ्यानंतर ऑक्टोबर ते डिसेंबर.

अभ्यास काय सांगतो?

पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेतील शास्त्रज्ञांनी १९८२ ते २०१९ या काळातल्या वादळांचा अभ्यास २०२१ साली प्रसिद्ध केला. १९८२-२००० च्या तुलनेत २००१-२०१९ मध्ये अरबी समुद्रातली चक्रीवादळं ५२ टक्क्यांनी वाढली, तर बंगालच्या उपसागरात ती ८ टक्क्यांनी घटली. अरबी समुद्रातल्या वादळांचा मुक्कामही ८० टक्क्यांनी लांबला. समुद्राचं वाढतं तापमान हे यामागचं मोठं कारण मानलं जातं.

यात एक गोष्ट ध्यानात घ्यायला हवी. उपग्रह येण्यापूर्वी भर समुद्रातली वादळं जहाजांना दिसली तरच नोंदली जात. म्हणून भरवशाची आकडेवारी चार-पाच दशकांचीच आहे. एखादं ठराविक वादळ 'हवामान बदलामुळेच आलं' असं सरसकट म्हणता येत नाही. पण हवा एक अंशाने तापली की तिच्यात सुमारे सात टक्के जास्त बाष्प मावतं, म्हणजे वादळ आलं तर पाऊस जास्त पडण्याची शक्यता वाढते, हे पक्कं.

घाटावर फटका कसा बसतो?

ऑक्टोबर २०१९ मधलं 'क्यार' हे याचं चांगलं उदाहरण. हे महाचक्रीवादळ भारताच्या किनाऱ्यावर धडकलंच नाही, पश्चिमेकडे निघून गेलं. तरी कोकण, गोवा आणि कारवार पट्ट्यात ऐन सुगीत धो-धो पाऊस झाला आणि कापणीला आलेलं भात भिजलं. मे २०२१ मध्ये 'तौक्ते' किनाऱ्याला समांतर उत्तरेकडे सरकलं आणि १७ मे रोजी रात्री गुजरातच्या किनाऱ्यावर आदळलं. वाटेत कर्नाटक आणि गोव्याच्या किनाऱ्यावर त्याने झाडं, घरं, विजेचे खांब पाडले.

प्रत्येक अतिवृष्टी मात्र वादळाची नसते. जुलै २०२१ मध्ये अणशी घाटात दरड कोसळली आणि २३ जुलैला कॅसलरॉकच्या खालच्या घाटात दूधसागर-सोनावळी दरम्यान रेल्वेगाडी घसरली. तो पाऊस मान्सूनचा होता, चक्रीवादळाचा नव्हे. तेव्हा 'वादळ नाही, म्हणजे धोका नाही' असं समजून चालत नाही.

कोणता अंदाज बघायचा?

इथे अनेकांची गल्लत होते. जोयडा घाटावर असला तरी उत्तर कन्नड जिल्हा हवामान खात्याच्या 'किनारी कर्नाटक' विभागात मोडतो. बेळगाव मात्र 'उत्तर अंतर्गत कर्नाटक' विभागात येतो. खरेदीला, दवाखान्याला बेळगावला जाणारी माणसं तिथलाच अंदाज बघतात आणि फसतात. जोयड्यासाठी उत्तर कन्नडचा इशाराच बघावा.

इशाऱ्यातल्या शब्दांनाही ठरलेला अर्थ आहे. २४ तासांत ६४.५ ते ११५.५ मिलिमीटर म्हणजे जोरदार, ११५.६ ते २०४.४ म्हणजे अति जोरदार आणि त्यावर अत्यंत जोरदार पाऊस. पिवळा रंग लक्ष ठेवा सांगतो, नारिंगी तयारीत राहा आणि लाल म्हणजे तातडीने पावलं उचला. ऑक्टोबरात पिवळा इशारा दिसला तरी कापलेलं भात शेतात न ठेवता आडोशाला आणावं. लाल असेल तर घाटातला प्रवास पुढे ढकलावा. वादळ अडवणं कुणाच्या हाती नाही, पण आज उपग्रहांमुळे ते दोन-तीन दिवस आधी कळतं. तेवढ्या वेळात एका घरचं वर्षाचं भात वाचू शकतं.