तळं उपसणाऱ्या चक्क्या

पवनचक्की म्हटलं की आपल्याला साताऱ्याच्या पठारावरचे ते उंच पांढरे खांब आठवतात. त्या वीज तयार करतात. आज ज्या चक्कीबद्दल बोलणार आहे, ती लाकडाची होती. तिच्या पोटात कुटुंब राहायचं आणि तिला काम एकच, पाणी उपसायचं. ही गोष्ट नेदरलँड्सची, म्हणजे आपण ज्याला हॉलंड म्हणतो त्या देशाची, चारशे वर्षांपूर्वीची.

ॲमस्टरडॅम शहराच्या उत्तरेला बेमस्टर नावाचं तळं होतं. तळं कसलं, १७,००० एकरांहून मोठा पाण्याचा पसारा. वादळ आलं की लाटा काठची जमीन खात. शहर वाढत होतं, शेतजमीन कमी पडत होती. तेव्हा १६०७ साली काही व्यापाऱ्यांनी हे तळंच कोरडं करायची परवानगी मिळवली. १२३ जणांनी पैसे घातले. त्यातले काही पुढारी डच ईस्ट इंडिया कंपनीचे होते. हीच कंपनी पुढे आपल्या वेंगुर्ल्याला वखार घालून बसली.

आपल्याकडे धरणासाठी जमीन जाते. तिथं जमिनीसाठी तळं गेलं. त्या पाण्यावर मासे धरणाऱ्यांचं काय झालं, हा प्रश्न मला वाचताना सारखा पडत होता.

आधी तळ्याभोवती सुमारे ४० किलोमीटरचा बांध घातला आणि बांधाबाहेरून कालवा खणला. मग चक्क्या उभ्या केल्या, चाळीसहून अधिक. हे काम यान लेखवाटर नावाच्या सुतार-कारागिराच्या हातात होतं. त्याच्या आडनावाचा अर्थ ‘रिकामं पाणी’ असा लावतात. माणसाला नाव शोभावं तर असं!

आता चक्की चालायची कशी ते बघू. बाहेर चार लांब पाती, लाकडी जाळीची. त्यांवर शिडाचं कापड ताणायचं. वारा कमी तर कापड पूर्ण, जोराचा असेल तर गुंडाळून थोडंच. वाऱ्याची दिशा बदलली की चक्कीचं डोकं फिरवून पाती वाऱ्यासमोर आणायची. पात्यांचा आस फिरला की लाकडी दात्यांची चाकं एकमेकांत अडकून फिरत आणि मधला उभा खांब ती गती खालपर्यंत नेई. खाली असायचं पाण्याचं चाक. आपल्या रहाटगाडग्याला मडकी असतात, याला फळ्या होत्या. अरुंद पाटात त्या फळ्या पाणी ढकलत वर चढवत.

पण एक चक्की पाणी जेमतेम दीड मीटर उचलू शकायची, आणि तळ्याचा तळ त्याहून बराच खोल. म्हणून तीन-चार चक्क्या पायरीपायरीनं उभ्या केल्या. पहिलीनं खालचं पाणी उचलून मधल्या चरात टाकायचं, दुसरीनं तिथून आणखी वर, आणि शेवटचीनं बांधाबाहेरच्या कालव्यात. घमेली हातोहात देताना मधली बाई थांबली तर काय होतं, ते तुम्हाला सांगायला नको. तिथंही तसंच. मधली एक चक्की बिघडली की आख्खी रांग खोळंबायची.

१६१० साली तळ कोरडा होत आला होता, तोच समुद्राच्या बाजूचे बांध वादळात फुटले. तळं पुन्हा भरलं. गुंतवणूकदारांनी पुन्हा पैसे घातले, बांध उंच केला, उपसा नव्यानं सुरू केला. १६१२च्या मे महिन्यात जमीन उघडी पडली.

पण काम संपलं नाही. पाऊस पडतोच, खालून पाणी झिरपतंच. म्हणून चक्क्या पुढची अडीचशेहून जास्त वर्षं फिरत राहिल्या. चक्कीवाल्याची नेमणूक व्हायची, राहायला जागा म्हणजे चक्कीच. वारा मध्यरात्री सुटला तर मध्यरात्री उठायचं. नवरा दुसऱ्या कामावर गेला की कित्येक ठिकाणी बायकोच चक्की सांभाळी. नेमणूक नवऱ्याची, हे ओळखीचं वाटतं ना? पाती जमिनीलगत फिरत, म्हणून अशा चक्कीला समोरासमोर दोन दारं ठेवत. एका दारापुढून पाती फिरत असतील तर दुसऱ्यानं बाहेर पडायचं. लहान मुलं असलेल्या घरात त्या आईचा जीव दिवसभर कुठे असेल!

थांबलेली पातीसुद्धा बोलत. वरचं पातं माथ्यावर पोचण्याआधी थांबवलं तर घरात आनंद, माथा ओलांडून थांबवलं तर दुःख. २०१४ साली मलेशियाचं विमान पाडलं गेलं आणि त्यात बरेच डच प्रवासी गेले, तेव्हा त्या देशातल्या चक्क्या अशाच दुःखात उभ्या केल्या होत्या.

बेमस्टरच्या चक्क्या मात्र तेव्हा नव्हत्या. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी वाफेचे पंप आले. त्यांना वाऱ्याची वाट बघावी लागत नव्हती. उपशाच्या चक्क्या एकेक करून मोडीत निघाल्या, आज तिथं त्यातली एकही नाही. शेजारच्या स्खेरमेर भागात ५२ होत्या, त्यातल्या ११ उरल्यात.

बेमस्टरचे सरळ रस्ते, चौकोनी शेतं आणि चर मात्र अजून तसेच आहेत. १९९९ साली युनेस्कोनं त्यांना जागतिक वारसा ठरवलं. समुद्रसपाटीच्या तीन मीटरहून खाली तिथं गाई चरतात, लोक राहतात. पाणी उपसायचं काम आता विजेचे पंप करतात, आणि त्याचा खर्च तिथले सगळे रहिवासी पाणी मंडळाच्या कराच्या रूपानं दरवर्षी भरतात.