नांगराच्या घरातला छापखाना

मोठ्या उद्योजकाचा मुलगा किंवा मुलगी वडिलांच्या कारखान्यात न जाता चित्रपट काढते, मासिक चालवते, मुलाखतींची वाहिनी सुरू करते, याचे आज आपल्याला फारसे आश्चर्य वाटत नाही. मात्र ही गेल्या वीस-पंचवीस वर्षांतली रीत आहे असा आपला समज असतो, आणि तो खरा नाही. मराठी मुलखात या वाटेचा माग काढत गेलो तर आपण थेट 1831 सालच्या मुंबईत पोचतो. अमेरिकन मिशनच्या छापखान्यात शिळाछापाचे काम पाहून ते आत्मसात करणाऱ्या गणपत कृष्णाजींनी त्या साली मराठी पंचांग छापून काढले. शाईही त्यांनी स्वतःच तयार केली होती. 1860 मध्ये ते वारल्यावर छापखाना मुलाकडे, कान्होबांकडे आला. त्याच मिशनच्या छापखान्यात जावजी दादाजी हा मुलगा वयाच्या दहाव्या वर्षी टाइप घासण्याच्या कामावर लागला. 1864 मध्ये त्याने स्वतःचा टाइपाचा कारखाना काढला, 1869 मध्ये निर्णयसागर छापखाना उभा राहिला, आणि राणोजी रावजी आरू यांच्या हातच्या वळणदार अक्षरांमुळे निर्णयसागरचे नाव काशीपर्यंत गेले. 1892 मध्ये जावजी निवर्तले आणि कारभार तुकाराम जावजींच्या हाती आला. 1886 मध्ये सुरू झालेली संस्कृत ग्रंथांची 'काव्यमाला' वडिलांमागेही चालू राहिली. त्या काळी छपाई हाच घरचा धंदा होता, त्यामुळे मुलगा छापखान्यात बसला तरी तो घराबाहेर पडला असे होत नव्हते. सोनाराच्या मुलाने सोनारकाम करावे तितकेच ते सरळ होते.

फाळक्यांच्या घरीही तेच झाले. चित्रपटासाठी भांडवल जमवताना दादासाहेबांनी काय काय गहाण टाकले आणि पत्नी सरस्वतीबाईंनी किती कष्ट उपसले, हे आपण ऐकत आलो आहोत. 1913 च्या 'राजा हरिश्चंद्र'मधला रोहिदास हा त्यांचाच मुलगा भालचंद्र, आणि 1919 च्या 'कालिया मर्दन'मधला बाळकृष्ण ही त्यांची मुलगी मंदाकिनी. उद्योजकाचे मूल थेट पडद्यावर आल्याचे हे आपल्याकडचे अगदी आरंभीचे उदाहरण म्हटले पाहिजे. तरी तिथेही चित्रपट हाच बापाचा उद्योग होता. धंदा लोखंडाचा आणि घरातला तरुण संपादक, हा प्रकार त्यानंतर एका वर्षाने घडला, आणि या कहाणीत मला सर्वांत मोलाचा वाटतो तो टप्पा हाच.

त्यासाठी आपल्याला बेळगाव जिल्ह्यातल्या गुर्लहोसूर या गावी जावे लागते. किर्लोस्कर हे नाव महाराष्ट्राला आधी कळले ते नाटकामुळे. याच गावच्या अण्णासाहेब किर्लोस्करांनी 1880 मध्ये पुण्यात 'संगीत शाकुंतल' रंगभूमीवर आणले. त्याच गावात 1869 मध्ये जन्मलेल्या लक्ष्मणराव काशिनाथ किर्लोस्करांनाही ओढ कलेचीच होती. चित्रकार व्हायचे म्हणून ते मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये दाखल झाले, पण काही रंग आपल्याला नीट ओळखता येत नाहीत हे लक्षात आल्यावर रंगकाम सोडून यांत्रिक रेखनाकडे वळले आणि व्हिक्टोरिया ज्युबिली टेक्निकल इन्स्टिट्यूटमध्ये तो विषय शिकवू लागले. बढतीच्या वेळी आपल्याला डावलून एका अँग्लो-इंडियन माणसाला पुढे काढल्याचे पाहून त्यांनी नोकरी सोडली. थोरले बंधू रामुअण्णा बेळगावात सायकलींचे दुकान चालवीत होते, तिथे हे येऊन मिळाले. कडबा कापण्याचे यंत्र आधी झाले, आणि 1903 मध्ये लोखंडी नांगर. पुढची दोन वर्षे तो कोणी घेईना. लोखंडाने जमीन विषारी होते असे शेतकरी सांगत, आणि त्यात अडाणीपणापेक्षा सावधपणा जास्त होता. लाकडी नांगर माती नुसती उकरत जातो, लोखंडी नांगराचा फाळ खोल शिरतो आणि वरची माती पालथी घालतो. ज्याचे सारे वर्ष त्या ढेकळांवर अवलंबून आहे, तो माणूस असली उलथापालथ सहजासहजी मान्य करणार नाही. बेळगावच्या नगरपालिकेने जागा सोडायला लावली तेव्हा औंधचे अधिपती बाळासाहेब पंतप्रतिनिधी यांनी कुंडल रोड स्टेशनाजवळ ओसाड माळ देऊ केला, आणि 1910 मध्ये तिथे किर्लोस्करवाडी वसली. पंतप्रतिनिधी स्वतः चित्रकार होते, हे इथे नोंदवून ठेवण्यासारखे आहे.

या वाडीत शंकर वासुदेव किर्लोस्कर आले. जन्म 1891 चा, सोलापूरचा. लक्ष्मणरावांचे ते पुतणे. काटेकोर पाहायचे तर उद्योजकाचा हा मुलगा नव्हे. पण त्या काळच्या एकत्र कुटुंबात काका-पुतण्याचे नाते कामाच्या वाटणीत मुलासारखेच धरले जाई, आणि किर्लोस्करांनी घरातल्या माणसांची वाटणी विचारपूर्वक केली होती. लक्ष्मणरावांचे चिरंजीव शंतनुराव अमेरिकेत एमआयटीत शिकून 1926 मध्ये परतले आणि यंत्रांच्या बाजूला गेले. शंकररावांकडे आली जाहिरात. पंडित सातवळेकरांकडे ते चित्रकला शिकले होते. काकांना जो कुंचला खाली ठेवावा लागला होता, तो पुतण्याच्या हातून कारखान्याच्या कामी लागला. मराठीतल्या आरंभीच्या व्यंगचित्रकारांत आपण आज शंकररावांची गणना करतो, ती याच हातामुळे.

जाहिरातीत त्यांच्यापुढची अडचण विक्रीच्याही आधीची होती. नांगर घेण्यापूर्वी शेतकऱ्याने त्याविषयी वाचले पाहिजे, आणि वाचण्यापूर्वी त्याला वाचावेसे वाटले पाहिजे. जगात इतरत्रही नांगरवाल्यांना हे कळले होते. अमेरिकेत पोलादी नांगरासाठी प्रसिद्ध असलेल्या जॉन डिअर कंपनीने 1895 मध्ये 'द फरो' हे शेतकऱ्यांसाठीचे नियतकालिक काढले, आणि फोर्ड कंपनीने 1908 मध्ये 'फोर्ड टाइम्स'. हेन्री फोर्डची मोटार आणि किर्लोस्करांचा नांगर यांत फार अंतर असले, तरी गिऱ्हाइकाशी माल विकण्याखेरीज काही बोलावे लागते, ही दोघांचीही गरज एकच होती. कारखान्याची मर्यादित कंपनी झाली त्याच 1920 साली वाडीतून 'किर्लोस्कर खबर' निघाले. कारखान्याच्या बातम्या, शेतीची आणि धंद्याची माहिती, असा त्याचा प्रपंच होता. खेड्यातला माणूस काय करतो, त्याच्या घरात काय बोलले जाते, याकडे शंकररावांचे लक्ष पहिल्यापासून होते, त्यामुळे हे पत्र फार काळ मालाच्या यादीशी बांधलेले राहिले नाही. त्यात गोष्टी आल्या, व्यंगचित्रे आली, धंद्यात उतरू पाहणाऱ्या तरुणांना सल्ला आला. पुढे नावातला 'खबर' शब्द गळून पडला आणि नुसते 'किर्लोस्कर' उरले. आता ते कोणत्याही घरी वाचता येईल असे मासिक झाले होते.

ही गोष्ट जिथे घडली ती जागा आपण डोळ्यांपुढे आणून पाहावी. पुणे-मुंबईपासून दूर, औंध संस्थानातला एक माळ. एका बाजूला ओतशाळेची भट्टी, लोखंडाचा रस साच्यांत ओतला जातो आहे, दुसऱ्या बाजूला खिळे जुळवणारे आणि छापलेली पाने दुमडणारे. मासिकाचे गठ्ठे पुणे-मिरज मार्गावरच्या त्या लहान स्टेशनातून गावोगाव जात, आणि नांगरही तिथूनच जात. मुंबईच्या बाजारपेठेत बसलेल्या कोणत्याही संपादकाला आपला वाचक इतका जवळून दिसला नसेल. वाडीवर येणारा शेतकरी हाच गिऱ्हाईक होता आणि वाचकही. पुढे त्या स्टेशनाचे नावही किर्लोस्करवाडी झाले.

1930 च्या ऑगस्टमध्ये शंकररावांनी 'स्त्री' सुरू केले. ते वर्ष मिठाच्या सत्याग्रहाचे. ज्या घरांतल्या बायका माजघराच्या बाहेर येत नसत, त्या मिरवणुकीत चालू लागल्या होत्या. स्त्रियांसाठी मराठी मासिक ही गोष्ट नवी नव्हती. 1886 मध्ये 'आर्य भगिनी' निघाले होते, ते एका स्त्रीनेच काढले होते. 'स्त्री'चे वेगळेपण असे की ते एका चालत्या कारखान्याच्या पाठबळावर उभे राहिले, त्यामुळे वर्गणी आटली म्हणून दोन वर्षांत मिटण्याची वेळ त्याच्यावर आली नाही, आणि विधवेचा विवाह, घटस्फोट, हुंडा हे विषय महिन्यामागून महिना, चिकाटीने मांडता आले. कोणताही सुधारक एखाद्या व्याख्यानाने हे करू शकला नसता. 1934 मध्ये तरुणांसाठी 'मनोहर' आले, आणि एका घरातून तीन मासिके निघू लागली. त्याच दशकात रत्नागिरीत स्थानबद्ध असलेल्या सावरकरांचे बुद्धिवादी निबंध 'किर्लोस्कर'मध्ये छापून येत होते. रूढी, पोथीनिष्ठा, जातिभेद यांवर ते निबंध कठोर प्रहार करीत. सावरकरांच्या पुढच्या राजकारणाविषयी वाचकाचे मत काहीही असो, या छपाईतला धंद्याचा धोका आपण ध्यानात घेतला पाहिजे. नांगर घेणारा शेतकरी सण-वार, नवस-सायास पाळणारा होता. त्याच्याच पैशावर उभ्या असलेल्या घरातून त्याच्या श्रद्धांना प्रश्न विचारणारा मजकूर येत होता. मालकाने गिऱ्हाइकाला दुखवण्याची ही तयारी दाखवली, त्या दिवसापासून 'खबर'ची जाहिरात संपली आणि नियतकालिक सुरू झाले, असे माझे मत आहे.

पुढची पिढी मुकुंदराव किर्लोस्करांची. ते शंकररावांचे चिरंजीव, म्हणजे संपादकाचा मुलगा आणि उद्योगाच्या घरातलाही. पत्नी शांताबाईंसह त्यांनी ही मासिके पुण्यातून चालवली. कारखाने शंतनुरावांच्या कारकिर्दीत तेलइंजिने, पंप, विजेच्या मोटारी अशा अनेक अंगांनी वाढत गेले, आणि घराच्या पसाऱ्यात मासिकांचा वाटा लहान होत गेला. 1956 मध्ये लक्ष्मणराव गेले. शंकररावांचे 'शंवाकीय' हे आत्मकथन 1974 मध्ये आले आणि पुढच्या वर्षाच्या पहिल्याच दिवशी ते निवर्तले. मासिकांचे दिवसही पालटत होते. 1972 मध्ये मुंबईला दूरदर्शन आले, दहा वर्षांनी त्याला रंग चढले, वर्तमानपत्रांच्या रविवारच्या पुरवण्या जाड होत गेल्या, आणि महिन्याकाठी वाचायची गोष्ट दर आठवड्याला घरात पडू लागली. याच काळात ह. मो. मराठे 'किर्लोस्कर'चे संपादक होते, तर 1964 पासून 'स्त्री'त असलेल्या विद्या बाळ 1983 मध्ये त्याच्या संपादक झाल्या. त्यानंतर थोड्याच वर्षांत मासिके कुटुंबाच्या हातून गेली. 1920 पासूनच्या या साऱ्या वाटचालीचा इतिहास शांताबाईंनी 'गोष्ट पासष्टीची' या पुस्तकात लिहून ठेवला आहे, आणि मराठी नियतकालिकांचा अभ्यास करू पाहणाऱ्याने तो चुकवू नये. पुढे तिन्ही नावांची अक्षरे एकत्र करून 'किस्त्रीम' हा दिवाळी अंक निघू लागला. 'स्त्री'चा वारसा मात्र दुसरीकडे वळला. विद्या बाळांनी 1989 च्या ऑगस्टमध्ये 'मिळून साऱ्याजणी' काढले, तेव्हा मागे कोणताही कारखाना नव्हता. 'स्त्री'ने घडवलेल्या वाचक बायका मात्र होत्या.

आता आपण आजच्या मानकोलीत येऊ. मुंबई-नाशिक महामार्गावर, ठाण्याची खाडी ओलांडल्यावर भिवंडीच्या अलीकडे हे गाव लागते. इथल्या शेतात गोदामे उभी राहण्याचे कारण नांगराशी संबंधित नाही, जकातीशी आहे. मुंबईच्या हद्दीत माल नेला की जकात द्यावी लागे, म्हणून व्यापाऱ्यांनी तो हद्दीबाहेर, स्वस्त जागेत साठवला. 2017 मध्ये जीएसटी आला, जकात गेली, पण तोवर गोदामांची इतकी दाटी झाली होती की ऑनलाइन विक्रीवाल्यांनी तीच जागा पकडली. आज इथून ट्रक भरून खोकी निघतात. त्यांपैकी एखादे आपल्या घरी आले की आत मालाबरोबर हातभर कागदी गुंडाळा असतो, आणि त्यात एक छोटी चिठ्ठी: आभार, चौकोनी क्यूआर कोड, आणि आमचे पान पाहा, आमच्या वाहिनीला जोडून घ्या, अशी विनंती. तो कोड उघडला तर कित्येकदा मालकांच्या घरातली पुढची पिढी बोलताना दिसते. कोणी शेतीमालाविषयी सांगतो, कोणी इतर उद्योजकांच्या मुलाखती घेते. कुंडल रोडहून नांगरामागे 'खबर' जात होती, त्याच जातीची ही चिठ्ठी आहे, आणि ती लिहिणारी मुले शंकररावांच्याच वाटेवर आहेत, त्यांना ते ठाऊक असो वा नसो. त्यांच्या वाहिन्यांवर कष्टाच्या गोष्टी आहेत, यशाच्या आहेत, व्यापाराचे चांगले धडेही आहेत. आपल्याच गिऱ्हाइकाला खटकेल असे काही तिथे सहसा सापडत नाही. पण 1920 च्या 'खबर'लाही 'स्त्री'पर्यंत पोचायला दहा वर्षे लागली होती, आणि यांतल्या बहुतेक वाहिन्यांना अजून तेवढी वर्षे झालेली नाहीत.