आर्माडिलो व ग्लिप्टोडॉन्ट

आर्माडिलो हा उत्तर व दक्षिण अमेरिकेत आढळणारा, पाठीवर हाडांचे कवच असलेला सस्तन प्राणी आहे. त्याचा समावेश सिंग्युलाटा गणात होतो. स्लॉथ व मुंगीखाऊ हे त्याचे सर्वांत जवळचे हयात आप्त असून या सर्वांना मिळून झेनार्थ्रा म्हणतात. कमरेच्या मणक्यांना असलेले जादा सांधे हे या समूहाचे खास लक्षण आहे. आर्माडिलोच्या वीसहून अधिक जाती आज हयात असून त्या डॅसिपोडिडी व क्लॅमिफोरिडी या दोन कुलांत विभागल्या जातात. ग्लिप्टोडॉन्ट व पॅम्पाथिअर हे याच गणातले नामशेष झालेले महाकाय प्राणी होत.

कवच : हे कवच त्वचेतच तयार झालेल्या हाडाच्या लहान पट्टिकांचे बनलेले असते. त्यांच्यावर केराटिनच्या शिंगासारख्या खवल्यांचा थर असतो. खांद्यांवर व पुठ्ठ्यावर कवचाचे दोन ताठ भाग असतात. मधल्या भागात आडवे पट्टे असतात व ते लवचिक त्वचेने एकमेकांना जोडलेले असल्यामुळे अंग वाकवता येते. पट्ट्यातली एक पट्टिका सुटी करून पाहिली तर तिचे दोन भाग स्पष्ट दिसतात. पुढचा भाग गुळगुळीत असून तो आधीच्या पट्ट्याखाली सरकतो, तर मागच्या उघड्या भागावर नक्षी असते आणि केसांच्या मुळांसाठी बारीक छिद्रे असतात. ही नक्षी प्रजातीनुसार बदलते. हाड टिकाऊ असल्यामुळे जीवाश्मांत बहुधा सुट्या पट्टिकाच हाती लागतात आणि त्यांवरून प्राणी ओळखता येतो. गणाचा सर्वांत जुना पुरावाही असाच मिळाला आहे. ब्राझीलमधील इताबोराई येथे रिओस्टेगोथेरियम या प्राण्याच्या पाच कोटी वर्षांपूर्वीच्या पट्टिका सापडल्या आहेत.

भारतातील खवले मांजर दिसायला आर्माडिलोसारखे असले तरी त्याचे खवले निव्वळ केराटिनचे असतात, त्यांत हाड नसते. त्याचे नाते मांसाहारी गणाशी जवळचे आहे. मुंग्या-वाळवीचा आहार व अंगावरचे संरक्षण ही दोघांतली साम्ये अभिसारी उत्क्रांतीतून आलेली आहेत.

हयात जाती : आकारात या जातींमध्ये मोठा फरक आढळतो. अर्जेंटिनाच्या मध्यभागातील रेताड प्रदेशात जमिनीखाली राहणारा गुलाबी परी आर्माडिलो जेमतेम १२ सेंमी. लांब व सुमारे १०० ग्रॅ. वजनाचा असतो. त्याचे कवच पाठीच्या कण्यालगत पातळ त्वचेनेच जोडलेले असते आणि आतल्या रक्तवाहिन्यांमुळे ते गुलाबी दिसते. याउलट महाकाय आर्माडिलो नाकापासून शेपटीच्या टोकापर्यंत सुमारे दीड मीटर भरतो. त्याचे वजन ३० किग्रॅ.च्या पुढे जाते आणि पुढच्या पायाचे मधले नखर सुमारे २० सेंमी. लांब असते. या नखराने तो वाळवीची वारुळे फोडतो.

धोक्याच्या वेळी अंगाचे पूर्ण वेटोळे करून चेंडूसारखे बंद होणे फक्त टॉलिप्युटीस प्रजातीच्या दोन जातींनाच जमते. डोक्यावरची ढाल व शेपटी एकमेकींशेजारी घट्ट बसतात आणि कोठेही फट राहत नाही. यांपैकी ब्राझीलमधील जात २०१४ च्या फुटबॉल विश्वचषकाचे बोधचिन्ह होती. बाकीच्या जाती पळून जातात किंवा झपाट्याने जमीन उकरून आत घुसतात. नऊ पट्ट्यांचा आर्माडिलो दचकला की सरळ वर उसळी मारतो. समोरचा शत्रू गोंधळतो, पण मोटारीखाली वाकून निसटू शकणारा हा प्राणी याच सवयीमुळे तिच्या तळावर आदळून मरतो.

नऊ पट्ट्यांच्या आर्माडिलोचा प्रसार सर्वांत विस्तृत आहे. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास तो मेक्सिकोतून टेक्ससमध्ये शिरला व पुढे नेब्रास्का, इलिनॉयपर्यंत पसरला. ओढा लागला तर तो श्वास रोखून तळावरून चालत जातो. पात्र रुंद असेल तर पोटात हवा भरून घेऊन पोहतो. एकच जात समजला जाणारा हा प्राणी प्रत्यक्षात चार जातींचा समूह आहे, असे २०२४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासात दाखवण्यात आले. त्यानुसार अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांतील प्राणी डॅसिपस मेक्सिकॅनस या जातीत जातो.

आहार व प्रजनन : बहुतेक जाती कीटक, अळ्या, लहान प्राणी, फळे व कंद खातात. दात खुंटीसारखे असून त्यांवर एनॅमल नसते. महाकाय आर्माडिलोला ८० ते १०० दात असू शकतात. चयापचय मंद व शरीराचे तापमान ३३ ते ३५ अंश से. म्हणजे इतर बहुतेक सस्तनांपेक्षा कमी असते. डॅसिपस प्रजातीचे प्रजनन वैशिष्ट्यपूर्ण आहे. नऊ पट्ट्यांच्या मादीत फलित अंडे तीन-चार महिने गर्भाशयात रुजतच नाही. रुजल्यावर त्या एकाच अंड्यापासून चार भ्रूण तयार होतात. त्यामुळे प्रत्येक विणीची चारही पिल्ले एकाच लिंगाची व जनुकीय दृष्ट्या सारखी असतात. जन्मतः कवच मऊ असते व पुढे हळूहळू कठीण होते.

ग्लिप्टोडॉन्ट : हे शाकाहारी प्राणी दक्षिण अमेरिकेत उत्क्रांत झाले आणि पनामाची संयोगभूमी तयार झाल्यावर त्यांची एक शाखा उत्तरेकडे सरकली. तिच्यातील ग्लिप्टोथेरियमचे जीवाश्म मेक्सिको, टेक्सस व फ्लॉरिडात मिळतात. ग्लिप्टोडॉन्टच्या कवचात हजाराहून अधिक जाड, बहुकोनी पट्टिका असत. प्रत्येकीवर मध्यभागी एक उंचवटा व त्याभोवती लहान उंचवट्यांचे कडे अशी फुलासारखी नक्षी असे. पट्टिका कडांशी एकमेकींत घट्ट गुंतलेल्या असत. पाठीला लवचिक पट्टे नसल्याने घुमटासारखे हे कवच वाकत नसे. ते पेलण्यासाठी पाठीचे मणके सांधून एकसंध नळी झालेली होती. डोक्यावर वेगळी टोपी व शेपटीवर कवचाची कडी असत. गवत व पाला दळणारे दात आयुष्यभर वाढत राहत आणि त्यांच्या कडांवर खोल खाचा असत. याच खाचांवरून ब्रिटिश शरीररचनाशास्त्रज्ञ रिचर्ड ओएन यांनी १८३९ मध्ये ग्लिप्टोडॉन हे नाव दिले.

डोएडिक्युरस हा या समूहातील सर्वांत मोठ्या प्राण्यांपैकी एक होता. त्याची लांबी साडेतीन मीटरहून अधिक व वजन एक टनापेक्षा जास्त होते. त्याच्या शेपटीचे टोक हाडाच्या गदेसारखे होते व त्यावर शिंगासारखे काटे असावेत. उरुग्वेतील संशोधकांनी २००९ मध्ये अशा गदांचे यांत्रिक विश्लेषण केले. क्रिकेटच्या बॅटवर ज्या जागी चेंडू लागला की हाताला झटका बसत नाही, तशीच जागा या शेपट्यांवरही असते. मोठ्या जातींत काटे नेमके तेथेच असल्याचे त्यांना आढळले. एवढी ताठ गदा चपळ शत्रूवर नेम धरून मारणे अवघड असल्याने तिचा वापर मुख्यतः आपसांतील झुंजीत होत असावा, असा निष्कर्ष त्यांनी काढला.

इतर नामशेष प्रकार : पॅम्पाथिअर दिसायला आर्माडिलोसारखे, पण कितीतरी मोठे होते. त्यांच्या कवचाला तीन लवचिक पट्टे होते व दात गवत चावण्याजोगे होते. पॅटागोनियातील मायोसीन काळातल्या पेल्टिफिलसच्या मुस्कटावर पट्टिकांपासूनच बनलेली शिंगे होती. प्लायोसीन काळातील मॅक्रोयुफ्रॅक्टस हा मोठा, मांस खाणारा आर्माडिलो होता.

अभ्यासाचा इतिहास व वर्गीकरण : एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी सापडलेले ग्लिप्टोडॉन्टच्या कवचाचे तुकडे मेगॅथेरियम या महाकाय जमिनीवरील स्लॉथचे असावेत, असा समज होता. ओएन यांच्या अभ्यासाने तो मागे पडला. चार्ल्स डार्विन यांना १८३२ मध्ये अर्जेंटिनातील पुंटा आल्टा येथे असे तुकडे मिळाले. नामशेष कवचधारी प्राणी आणि आर्माडिलो एकाच खंडात आढळावेत, ही गोष्ट त्यांना महत्त्वाची वाटली. जाती कालांतराने बदलतात, या त्यांच्या विचाराला त्यातून आधार मिळाला.

तरीही ग्लिप्टोडॉन्ट व आर्माडिलो यांचे नाते नेमके कसे, हा प्रश्न दीर्घकाळ अनिर्णित होता. ग्लिप्टोडॉन्टची शरीररचना इतकी वेगळी होती की त्यांना स्वतंत्र कुल देऊन आर्माडिलोंच्या बाजूला ठेवले जाई. २०१६ मध्ये डोएडिक्युरसच्या सुमारे १२,००० वर्षांपूर्वीच्या कवचाच्या तुकड्यातून सूत्रकणिकांमधील डीएनए मिळवण्यात यश आले. जुना डीएनए तुटक असल्याने झेनार्थ्रांच्या पूर्वजांचा डीएनए क्रम संगणकाने अनुमानित करून त्यावरून गळ तयार करण्यात आले व त्यांनी हे तुकडे वेचण्यात आले. ग्लिप्टोडॉन्टची शाखा सुमारे साडेतीन कोटी वर्षांपूर्वी आर्माडिलोंच्या वंशातूनच फुटल्याचे या अभ्यासातून दिसले. महाकाय, तीन पट्ट्यांचे व परी आर्माडिलो हे नऊ पट्ट्यांच्या आर्माडिलोपेक्षा ग्लिप्टोडॉन्टना जवळचे ठरतात. म्हणजे आर्माडिलो या समूहातून ग्लिप्टोडॉन्ट वगळले तर तो समूह अपुरा राहतो.

मानवाशी संबंध : ग्लिप्टोडॉन्ट प्लाइस्टोसीनच्या अखेरीस, हवामान बदलत असताना व माणसाचा वावर वाढत असताना नाहीसे झाले. ब्वेनोस आइरेसजवळ सापडलेल्या निओस्क्लेरोकॅलिप्टसच्या सुमारे २१,००० वर्षांपूर्वीच्या हाडांवर मांस कापल्याच्या खुणा असल्याचे २०२४ मध्ये प्रसिद्ध झाले. आर्माडिलोची शिकार आजही मांसासाठी होते. अँडीज भागात चारांगो हे तंतुवाद्य पूर्वी त्याच्या कवचापासून बनवत. आता ते बहुधा लाकडाचे असते.

कुष्ठरोगाचा जंतू प्रयोगशाळेत कृत्रिम माध्यमावर वाढत नाही. नऊ पट्ट्यांच्या आर्माडिलोच्या शरीराचे तापमान कमी असल्याने तो तेथे वाढतो, हे १९७१ मध्ये दाखवून देण्यात आले आणि या रोगाच्या अभ्यासाला मोठी चालना मिळाली. आर्माडिलोतून मिळवलेले मृत जंतू व बीसीजी यांची एकत्रित लस दक्षिण भारतातील तौलनिक चाचणीत वापरली गेली. १९९८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांनुसार तिचे संरक्षण ६४ टक्के, तर नुसत्या बीसीजीचे ३४ टक्के होते.  अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांच्या दक्षिण भागात रानटी आर्माडिलोंकडून माणसाला कुष्ठरोगाचा संसर्ग होऊ शकतो, हे २०११ मध्ये जनुकीय पुराव्याने स्पष्ट झाले.

ब्राझीलच्या पँटानाल पाणथळ प्रदेशात महाकाय आर्माडिलोच्या बिळांवर कॅमेरे लावून केलेल्या अभ्यासात इतर दोन डझन पृष्ठवंशी प्राणी त्या बिळांचा आसरा घेताना दिसले. या जातीची मादी एका वेळी एकच पिल्लू देते, त्यामुळे घटलेली संख्या भरून यायला फार काळ लागतो. शिकार, अधिवासाचा नाश व रस्त्यांवरील अपघात हे मुख्य धोके आहेत. ब्राझीलच्याच सेराडो या गवताळ प्रदेशात मधमाश्यांच्या पेट्या फोडल्यामुळे मधपाळांशीही त्याचा संघर्ष होतो. पेट्या उंचावर ठेवणे व कुंपण घालणे हे उपाय तेथे केले जात आहेत.