‘कोळी’ या शब्दाआधीचा शब्द

साहित्याच्या वर्गात एखाद्या विशेषणावर आपण तासभर चर्चा करतो आणि घरी जातो. नाशिकच्या अनुसूचित जमाती प्रमाणपत्र तपासणी समितीपुढे विशेषणावर नोकरी टिकते किंवा जाते. ‘महादेव कोळी’ ही अनुसूचित जमात आहे. नुसते ‘कोळी’ किंवा ‘हिंदू कोळी’ म्हणजे ती नव्हे.

या भेदाला न्यायालयीन धार आली ती १९७६ नंतर. त्याआधी काही जमातींना ठरावीक तालुक्यांपुरतीच मान्यता होती. पोटासाठी तालुका ओलांडणाऱ्या आदिवासीचा हक्क सरहद्दीवरच राहून जाई. १९७६च्या कायद्याने हे क्षेत्रबंधन उठवले, ते योग्यच झाले. पण नामसाधर्म्याची वाटही त्याच कायद्याने मोकळी केली. महाराष्ट्रातील अनुसूचित जमातींची लोकसंख्या १९७१च्या जनगणनेत सुमारे २९.५ लाख होती, १९८१मध्ये ती ५७.७ लाख झाली. एवढी वाढ केवळ पाळण्यांनी झाली नाही, हे उघड आहे.

१९९४च्या माधुरी पाटील खटल्यात हाच शब्द सर्वोच्च न्यायालयात गेला. प्रश्न वैद्यकीय शिक्षणातील प्रवेशाचा होता. दावा ‘महादेव कोळी’चा आणि घरच्या जुन्या नोंदीत ‘हिंदू कोळी’. न्यायालयाने दावा फेटाळला आणि तपासणी समित्या व दक्षता पथकांची रीत घालून दिली. कुलदैवत, लग्नविधी, अंत्यविधी यांची चौकशी त्यात आली. तेव्हापासून दाखल-खारीज रजिस्टर, गाव नमुना १४ आणि १८८३चे नाशिक गॅझेटियर हे एकाच फायलीत नांदू लागले. पाठचिकित्सेचा एवढा कसून अभ्यास आमच्या विद्यापीठांत क्वचितच होत असेल!

खरा पेच मात्र एका निकालाच्या शेवटाने निर्माण केला. २८ नोव्हेंबर २०००च्या मिलिंद खटल्यात घटनापीठाने सांगितले की राष्ट्रपतींच्या आदेशातील यादी जशी आहे तशीच वाचायची. ‘हलबा’मध्ये ‘हलबा कोष्टी’ वाचता येणार नाही. पण अंतिम झालेल्या प्रवेशांना आणि नेमणुकांना या निकालाची बाधा येणार नाही, असेही म्हटले. निकालाचा गाभा बाजूला राहिला आणि पुढे जवळजवळ सतरा वर्षे याच सवलतीचे भाष्य चालले. दावा अवैध ठरलेला कर्मचारी ‘फसवणूक केली नाही’ म्हणून नोकरीचे संरक्षण मागू लागला; २०१४मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानेही तो मार्ग मान्य केला.

६ जुलै २०१७ रोजी, जगदीश बहिरा प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयाने तो बंद केला. महाराष्ट्राचा जात प्रमाणपत्र कायदा २००१पासून अमलात आहे, तो अवैध प्रमाणपत्रावर मिळालेले लाभ काढून घ्यायला सांगतो, हेतू चांगला होता की वाईट हे तेथे गौण आहे, असा त्याचा आशय. आम्हांला हे वाचन पटते. पंचवीस वर्षे इमानाने काम केलेल्या कारकुनाची कणव येते, नाही असे नाही. पण त्या पंचवीस वर्षांत पेठ-सुरगाण्याच्या ज्या मुलाला ती जागा मिळाली नाही, त्याचे नाव कोणत्याच खटल्याच्या शीर्षकात नाही. शासनाने २१ डिसेंबर २०१९च्या निर्णयाने अशा कर्मचाऱ्यांना अकरा महिन्यांच्या अधिसंख्य पदांवर वर्ग केले, म्हणजे जागा रिकाम्या केल्या आणि माणसेही ठेवली.

याची दुसरी बाजूही नाशिकलाच अधिक दिसते. शहरात दोन पिढ्या वाढलेल्या खऱ्या आदिवासीला आजोबांचे विधी विचारले तर तो गडबडणारच, आणि पुस्तक वाचून आलेला घडाघडा उत्तरे देणार. २४ मार्च २०२३ रोजी ठाकूर जमातीच्या संघटनेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की आप्तभाव चाचणी ही अंतिम कसोटी नव्हे. रक्ताच्या नात्यातील वैधता प्रमाणपत्र रीतसर चौकशीनंतर दिलेले असेल, तर तेही मानले पाहिजे. त्यामुळे चुलत्याची फाईल कोणत्या कपाटात आहे, हे शोधणे आता कुलदैवताचे नाव आठवण्याइतकेच महत्त्वाचे झाले आहे.