पीळ

मराठीत 'पीळ' या शब्दाचं नशीब मोठं गमतीचं आहे. दंडाला पीळ असला की कौतुक, मिशीला पीळ असला की रुबाब. पण तोच पीळ स्वभावात दिसला की लगेच 'सुंभ जळला तरी पीळ जात नाही'. वाकड्यात शिरणं, मनात आढी असणं, तिढा घालून ठेवणं... जे सरळ नाही त्याच्यावर आपली भाषा आधी संशय घेते, विचारपूस मागाहून.

ही खोड काही मराठीचीच नाही. लॅटिनमध्ये पिळणे या अर्थी 'टॉर्क्वेरे' असं क्रियापद आहे. त्यातून यंत्रांमधला टॉर्क आला, डॉक्टरांचं टॉर्शन आलं, आणि टॉर्चरही त्यातूनच आलं. इंग्रजीत चूक या अर्थी जो 'राँग' शब्द आहे त्याचाही मूळ अर्थ वाकडं, पिरगळलेलं असाच. म्हणजे वाकडं ते चूक, हे समीकरण फार जुनं आहे.

हे सगळं आठवायचं कारण म्हणजे एका आजाराच्या नावांचा इतिहास. आतड्याला पीळ पडतो तो आजार वेगळा, त्यात धावपळ करून ऑपरेशन करावं लागतं आणि रुग्णाला कोणी खोटं ठरवत नाही. मी म्हणतोय तो पीळ अख्ख्या माणसाला पडतो. मान एका बाजूला ओढली जाते, पाऊल आत वळतं, कंबर पिरगळल्यासारखी होते. हात वाकवताना एक स्नायू आखडतो आणि समोरचा सैल सुटतो, ही आपली नेहमीची व्यवस्था. या आजारात दोन्ही एकदम ओढतात, शरीरातल्या शरीरात रस्सीखेच चालू होते. आज त्याला डिस्टोनिया म्हणतात. पण या नावापर्यंत पोहोचायला, आणि पोहोचल्यावर ते टिकवायला, बराच काळ गेला.

बर्लिनमध्ये १९०८ साली मार्कस वाल्टर श्वाल्बे नावाच्या एका तरुण डॉक्टरने आपला प्रबंध लिहिला. एकाच घरातली तीन भावंडं, तिघांनाही हा पीळ. आज वाचताना वाटतं, एका घरात तिघे म्हणजे हे रक्तातून आलेलं असणार. पण प्रबंधाच्या शीर्षकातच शब्द होते 'हिस्टेरियाच्या लक्षणांसह'. बिचाऱ्या श्वाल्बेचा तरी काय दोष? त्या काळच्या डॉक्टरांना या आजाराचं वागणं खरोखर बुचकळ्यात टाकणारं होतं. मुलगा पुढे चालताना पाय पिरगळतो, पण उलटं चालायला सांगितलं तर व्यवस्थित चालतो. झोपेत सगळा पीळ नाहीसा होतो. कोणी बघत असलं, मन अस्वस्थ असलं की वाढतो. आता हे सोंग नाही तर काय, असं वाटायला वाव होता.

त्याहून मोठा 'पुरावा' पॅरिसकरांनी शोधला होता. मान वळणाऱ्या रुग्णांपैकी काहीजण हनुवटीला किंवा गालाला नुसतं एक बोट लावतात आणि मान सरळ होते. जोर लावून नव्हे, नुसत्या स्पर्शाने. एदुआर ब्रिसो या मोठ्या डॉक्टरांचं म्हणणं पडलं की बोटात एवढी ताकद कुठून येणार? ज्या अर्थी बोटाने मान सरळ होते त्या अर्थी ती मनानेच वाकडी केलेली आहे. म्हणून त्यांनी १८९०च्या दशकात या मानेला नाव दिलं 'मानसिक' मानवक्रता. त्यांचे शिष्य मेज आणि फँदेल यांनी १९०२ साली आचक्यांवर अख्खं पुस्तक लिहिलं, त्यातही हे बोट आहेच.

इथे मला आमच्या घरातली एक गोष्ट सांगायलाच हवी. माझ्या आजोबांची एक धाकटी बहीण होती, आमच्या पिढीची आत्याआजी. तिची मान डावीकडे वळायची. ती कायम उजव्या हाताचं बोट हनुवटीला लावून बसायची, गाढ विचारात पडल्यासारखी. घरातल्या जुन्या फोटोंत ती तशीच आहे. आणि घरातलं वाक्य ठरलेलं होतं, "आता बरी झाली की गं मान सरळ?" डॉक्टरांनी सांगितलं होतं, लक्ष देऊ नका, आपोआप जाईल. तिने कधी कोणाशी वाद घातला नाही. स्वयंपाक करताना दोन्ही हात गुंतलेले असायचे, तेव्हा ती भिंतीला डोकं टेकून पोळ्या लाटायची. तिच्या त्या बोटाचं नाव वैद्यकाच्या पुस्तकात आहे, आणि आज ते बोट बघून डॉक्टर उलट खात्रीने 'डिस्टोनिया' म्हणतात, हे तिला कधीच कळलं नाही. ज्या खुणेवरून एके काळी खोटं ठरवलं, तीच खूण आज खरेपणाची. असो.

पुन्हा बर्लिनला जाऊ. १९११ हे या आजाराचं बारशाचं वर्ष. श्वाल्बेचे गुरू थिओडोर त्सीएन यांनी त्याला पिळाचा 'न्यूरोसिस' म्हटलं. वॉर्सामध्ये फ्लाटाउ आणि स्टेर्लिंग या दोघांनी 'मुलांमधला वाढत जाणारा पिळाचा झटका' अशा अर्थाचं नाव सुचवलं. आणि हर्मन ओपेनहाइम यांनी एक लांबलचक लॅटिन नाव दिलं, 'डिस्टोनिया मस्क्युलोरम डिफॉर्मान्स'. स्नायूंचा ताण बिघडून शरीर विद्रूप करणारा आजार. त्यांचं निरीक्षण असं की एकाच रुग्णाचे स्नायू कधी फार ताठ तर कधी फार सैल असतात. आणि त्यांनी ठामपणे सांगितलं की हा मेंदूचा, शरीराचा आजार आहे.

ओपेनहाइम यांची स्वतःची कथाही सांगण्यासारखी आहे. १८५८चा जन्म, बर्लिनच्या शारिटे रुग्णालयातले हुशार डॉक्टर. मज्जासंस्थेच्या आजारांवरचं त्यांचं १८९४चं पाठ्यपुस्तक गाजलं. त्यांचे वरिष्ठ वेस्टफाल आजारी पडले तेव्हा विभागाची धुरा यांनीच सांभाळली. १८९०मध्ये वेस्टफाल वारल्यावर सहकाऱ्यांनी प्राध्यापकपदासाठी यांची शिफारस केली. पण ते ज्यू होते, सरकारने शिफारस फेटाळली. त्यांनी खाजगी दवाखाना काढला. पुढे त्यांनी ज्यांच्यावरून या आजाराला नाव दिलं ती मुलंही पूर्व युरोपातल्या ज्यू कुटुंबांमधलीच होती.

पहिल्या महायुद्धात त्यांच्यापुढे तोच प्रश्न वेगळ्या वेषात आला. आघाडीवरून सैनिक थरथरत, वाकलेले, चालता न येणारे असे परत यायचे. ओपेनहाइम म्हणायचे, स्फोटांच्या धक्क्याने मज्जासंस्थेला खरी इजा झाली आहे. १९१६ साली म्युनिकला जर्मन डॉक्टरांची परिषद भरली, तिथे त्यांचं मत पार मोडीत काढलं गेलं. मनाचा कमकुवतपणा, हिस्टेरिया, पेन्शनचा लोभ, असं बहुमत ठरलं. नावावर पेन्शन ठरत होती, परत आघाडीवर पाठवायचं की नाही तेही ठरत होतं. ओपेनहाइम यांचं सगळंच म्हणणं काळाच्या कसोटीवर टिकलं असं नाही, पण माणसाला खोटं ठरवण्याची घाई त्यांनी केली नाही एवढं खरं. १९१९ साली ते वारले.

त्यांनी दिलेलं नावही पुढे डळमळलं. कारण मृत रुग्णांचे मेंदू सूक्ष्मदर्शकाखाली पाहिले तरी काही ठळक बिघाड दिसेना. दिसत नाही म्हणजे नाही, हा तर्क पुन्हा जोरात आला. रुग्ण मानसोपचारांकडे वळवले जाऊ लागले, आणि मुलाच्या पायाला पीळ पडला की आईच्या वागण्यात कारणं शोधली जाऊ लागली. १९७४ साली लंडनच्या डेव्हिड मार्सडेन यांनी एका सहकाऱ्यासोबत ४२ रुग्णांचा अभ्यास छापला. त्यातल्या बऱ्याच जणांच्या कपाळी आधी हिस्टेरियाचा शिक्का बसलेला होता. १९७६ मध्ये मार्सडेन यांनी आणखी एक पाऊल टाकलं. पापण्या आपोआप मिटणं, जबडा वळणं, लिहिताना हात आखडणं, मान वळणं, हे सुटेसुटे वाटणारे त्रास एकाच कुटुंबातले आहेत, असं त्यांनी मांडलं.

शेवटी १९९७ साली लॉरी ओझेलियस आणि सहकाऱ्यांना नवव्या गुणसूत्रावर लहानपणी सुरू होणाऱ्या डिस्टोनियाचं एक मोठं कारण सापडलं. एका जनुकातली फक्त तीन अक्षरं गळालेली. त्या जनुकापासून बनणाऱ्या प्रथिनाला नाव दिलं टॉर्सिन. पुन्हा तोच पिळाचा धातू! गंमत म्हणजे ही चूक असलेल्यांपैकी साधारण ३० टक्के लोकांनाच आजार होतो, बाकीचे जन्मभर सरळ चालतात. एका भावाला पीळ आणि दुसऱ्याला नाही, म्हणून पहिला नाटकी, असं म्हणणाऱ्यांना हे उत्तर होतं.

नुसत्या नावाने काय होतं, असं कोणी विचारेल. जपानमध्ये मासाया सेगावा यांनी १९७०च्या दशकात अशी मुलं दाखवून दिली की ज्यांचे पाय सकाळी ठीक आणि संध्याकाळपर्यंत पिरगळलेले असत. संध्याकाळी आलं म्हणजे अभ्यासाचा कंटाळा, असं आपल्याकडेही सहज म्हटलं असतं. या मुलांना लेव्होडोपा हे औषध अगदी थोड्या प्रमाणात दिलं की ती चालू लागतात. वळलेल्या मानेसाठी आज बोट्युलिनम विषाची इंजेक्शनं आहेत, काहींना मेंदूत तार बसवून उपयोग होतो. यातलं काहीही 'लक्ष देऊ नका' म्हणून मिळत नाही.

आणि ज्यांचा पीळ खरोखर मनाच्या वाटेने आलेला असतो त्यांचं काय? असेही रुग्ण आहेत, डॉक्टर त्याला 'फंक्शनल' म्हणतात. त्यांच्याही हातात तो सोडवणं नसतं, त्यांचीही पावलं तितकीच दुखतात. मनातून आलं म्हणजे मुद्दाम केलं, ही गल्लत तिथेही चुकीचीच.

ओपेनहाइम यांच्या लांबलचक नावातला 'मस्क्युलोरम' गळाला, कारण दोष स्नायूंत नसून मेंदूत आहे. 'डिफॉर्मान्स'ही गळाला, कारण सगळ्याच रुग्णांचं शरीर काही विद्रूप होत नाही. उरलं डिस्टोनिया, म्हणजे बिघडलेला ताण. तसं पाहिलं तर या शब्दाने फारसं काही सांगितलेलं नाही. पण या नावाने रुग्णावर कसलाही आरोप केला नाही, आणि मला वाटतं म्हणूनच ते टिकलं.